अगस्तीचं घाटलं

मी जात्याच गोडखाऊ. आई म्हणायची, हिच्यासाठी स्थळ कसलं शोधताय, हलवायाचं दुकान शोधा. शेवटी स्थळच मिळालं, पण तेही असं, की तिथलं वर्षातलं सगळ्यांत मोठं गोड एका ताऱ्याच्या मर्जीवर शिजायचं. तारा दिसला तर गोड, नाही दिसला तर फिकी पेज. माझ्यासारखीला ही शिक्षाच होती.

माझं माहेर म्हसळ्याच्या आतल्या बाजूला, भातशेतीच्या गावात. वडील शाळामास्तर. घरात खुंटीला पंचांग टांगलेलं असायचं आणि कुठल्या दिवशी पुरण, कुठल्या दिवशी खीर, हे सगळं त्यातून ठरायचं. आभाळात काय चाललंय ते बघायला कोणी अंगणात उतरायचं नाही. संकष्टीला तेवढा चंद्र बघायचे, आणि तोही ढगात दडून बसला तर वेळ झाली म्हणून पानं वाढायचे. देवाला सगळं कळतं, असं वडील म्हणायचे, आणि मला भूक लागलेली असल्यामुळे ते पटायचं.

सासर समुद्राकाठी, एका खाडीच्या तोंडावर. मुरुडचा बाजार पायी जाण्याइतका जवळ. नारळी-पोफळीच्या वाड्या, त्यांच्यामधून जाणारी चिऱ्यांची वाट आणि वाटेच्या दोन्ही अंगांना वीसेक घरं. अशा वस्तीला आमच्याकडे पाखाडी म्हणतात. पाखाडीतला नारळ आणि सुपारी मचव्यांतून मुंबईला जायची. मचवा म्हणजे शिडाची, माल वाहणारी मोठी होडी. आमच्या घरचाही एक मचवा होता आणि माझे धाकटे दीर तो चालवणारे तांडेल होते. आमचे यजमान मुंबईला गोदीत नोकरीला, सणासुदीला यायचे. त्यामुळे घरात माणसं तीनच : मी, दीर आणि सासूबाई. सासूबाईंना मी आत्याबाई म्हणायचे.

लग्नानंतरच्या पहिल्याच भाद्रपदात आत्याबाईंनी मला एका पहाटे हलवून उठवलं.

"ऊठ गो. अगस्ती बघायचा हाय."

मास्तरांची मुलगी असल्यामुळे अगस्ती ऋषींची गोष्ट मला ठाऊक होती. त्यांनी समुद्र एका घोटात पिऊन टाकला, हेही ठाऊक होतं. पण त्यांचा एक तारा आहे आणि तो पावसाळाभर नाहीसा होऊन भाद्रपदात, उजाडायच्या आधी, खाडीपलीकडच्या डोंगराच्या खांद्यावर पुन्हा उगवतो, हे मला त्या पहाटे कळलं. नारळी पौर्णिमेला कोळीवाड्यातल्या होड्या पाण्यात पडत. आमच्या पाखाडीचे मालाचे मचवे मात्र अगस्ती दिसल्याशिवाय शीड चढवत नसत. समुद्र पिऊन टाकणारा वर येऊन बसला म्हणजे समुद्र जरा वचकून राहतो, असा त्यामागचा साधा हिशेब होता. आणि तो दिसला की त्याच सकाळी घरोघर घाटलं प्यायचं. ऋषींनी समुद्र प्यायला तसंच, करवंटीतून, मध्ये न थांबता, एका दमात.

घाटलं तसं साऱ्या कोकणात होतं, पण हे घाटलं वेगळं. तांदूळ भिजवून, वाटून त्याचं पीठ नारळाच्या पातळ दुधात शिजवायचं. त्यात हळदीचं एक पान गाठ मारून टाकायचं. मीठ घालायचं नाही. त्याऐवजी समुद्राचं पळीभर पाणी, कारण ऋषींच्या पोटात तेच गेलं होतं. इतकं झालं की टोप निखाऱ्यांवर ठेवून द्यायचा आणि थांबायचं. गूळ आणि नारळाचं जाड दूध शेवटी, आणि ते कधी, तर अगस्ती दिसल्यावर. तोपर्यंत टोपात जे असतं ते घाटलं नव्हेच, ती नुसती पेज. तारा न दिसता उजाडलं तर ती तशीच लोणच्याबरोबर खायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा टोप मांडायचा.

भाद्रपदातलं आभाळ तुम्हाला माहीतच आहे. एखाद्या वर्षी आठवडाभर ढग हटत नसत. आठवडाभर सगळी पाखाडी सकाळी उठून दक्षिणेकडे टक लावून बसायची आणि मग तोंडं पाडून पेज खायची. मला पहिल्या वर्षी चौथ्याच दिवशी ती असह्य झाली. मी माहेरून आणलेलं पंचांग काढलं आणि आत्याबाईंना म्हणाले, "यात तर अगस्तीचा उदय केव्हाच होऊन गेलाय. मग गूळ घालायला काय हरकत आहे?"

आत्याबाई नारळ खवत होत्या. त्यांनी मानसुद्धा वर केली नाही.

"त्या पंचांगाला पाज मग घाटलं. आमच्या समुद्रात पंचांग जात न्हाय, माणसं जातात."

मी पंचांग परत पेटीत ठेवलं. लोणच्याबरोबर पेज खाल्ली आणि मनातल्या मनात त्यांच्यावर खूप चिडले. पण खरं सांगायचं तर ते उत्तर मला आवडलंही होतं.

आत्याबाई बाई कशा होत्या ते सांगते. अंगानं काटकुळ्या, आवाज मात्र असा की वाडीच्या एका टोकाला बोलल्या तर दुसऱ्या टोकाचा नारळ उतरवणारा पाडेली माडावरून खाली बघायचा. कुणाचं ऐकून घ्यायची सवय नव्हती. आणि पाखाडीतली पुकार त्यांची होती. पुकार म्हणजे अगस्ती दिसल्याचं ओरडून सांगण्याचा मान. हा मान आमच्या घरात सासूकडून सुनेकडे येत असे. खाडीच्या काठावर एक सपाट कातळ आहे, तिथे सगळी जमत, पण तारा कोणालाही आधी दिसला तरी पुकारणारीच्या आधी तोंड उघडायचं नाही. तिनं स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं आणि पुकारायचं, "दिसला गोऽऽ, दिसला!" मग तिनंच गुळाची परडी घेऊन घरोघर जायचं आणि प्रत्येक टोपात आपल्या हातानं गूळ घालायचा. तिचा हात लागल्याशिवाय कुणाचं घाटलं गोड व्हायचं नाही. आणि ही पुकार तिच्याकडून कोणी मागून घ्यायची नाही. ती जेव्हा आपल्या तोंडानं "आता तू" म्हणेल, तेव्हाच ती सुनेकडे जाणार. असे हे नियम.

मी त्यांना पहिल्यांदा पुकारताना पाहिलं तेव्हा, एवढी तोंडाळ म्हातारी, पण तिच्या अंगावर शहारे आले होते. नऊवारीचा पदर खोचून त्या परडी घेऊन चिऱ्यांच्या वाटेनं निघाल्या, आणि दारादारातून बायका टोपाशी पळी घेऊन त्यांची वाट बघत उभ्या. शेवटच्या घरात गूळ पडेपर्यंत चांगलं उजाडलं. त्या परत आल्या, तोवर आम्ही सगळी पिऊन, ओठ पुसून बसलो होतो. त्यांच्या वाट्याचं घाटलं गार होऊन वर जाड साय धरून बसलं होतं. त्या तेच प्यायल्या. मला तेव्हा त्यात काही वाटलं नाही. पुकारणारीनं शेवटी प्यायचं, हीच रीत होती.

नंतर दोन-तीन वर्षांत माझ्या लक्षात यायला लागलं. आत्याबाई दिव्यात तेल घालताना बोट आत बुडवून बघायच्या. सुईत दोरा ओवायचं काम "तुला शिकायला नको का" म्हणून माझ्याकडे आलं. अंगणात कोणी आलं की आधी त्याला बोलू द्यायच्या आणि मग नावानं हाक मारायच्या. एकदा दुपारी त्या पायरीवर बसल्या होत्या आणि समोर माझे दीर उभे होते. त्या म्हणाल्या, "कोण उभं हाय तिथं माडासारखं?" दीर हसून म्हणाले, "मीच, आई." मग दिरांनी माझ्याकडे बघितलं आणि हसू आवरलं.

मी एकदा धीर करून म्हणाले, "आत्याबाई, मुंबईला डोळ्यांचं इस्पितळ आहे म्हणतात. हे घेऊन जातील."

"माझ्या डोळ्यांना काय धाड भरलीय?" त्या म्हणाल्या. मग कधी नव्हे त्या हळू आवाजात बोलल्या. "वाडीचा कारभार गेला, तो पोरानं घेतला. चूल तू घेतलीस. एक पुकार ऱ्हायलीय. ती गेली की माझ्यापाशी काय ऱ्हाणार गो? खाट."

त्या दिवसापासून मीच त्यांच्या डोळ्यांची चोरटी राखण करू लागले. वाटेतला पाट उचलून ठेवायचा, कंदील त्यांच्या हाताशी ठेवायचा, आणि असं काही करतोय हे त्यांना कळू द्यायचं नाही. कळलं असतं तर तोच पाट माझ्या पाठीत बसला असता.

मग ते मिठाचं वर्ष आलं. देशभर मिठावरून गाजत होतं, लोक समुद्राचं पाणी उकळून तुरुंगात जात होते. भाद्रपदात आत्याबाई टोपात समुद्राचं पळीभर पाणी घालायला लागल्या तेव्हा दीर म्हणाले, "आई, जपून हां. पोलीस येतील न् टोपासकट उचलून नेतील."

"येऊ देत. त्यांना पण पाजीन. पण गूळ घालायच्या आधी," आत्याबाई म्हणाल्या.

त्या वर्षी सलग काही दिवस ढगांनी पाठ सोडली नाही. एका पहाटे आम्ही कातळावर उभे होतो. खाडीपलीकडचा डोंगर काळाभोर, त्याच्या माथ्यावर ढगांचा जाड थर. तेवढ्यात खाडीत, डोंगराच्या पायथ्याशी, कुणातरी परक्याच्या मचव्यावर डोलकाठीला कंदील चढला. पिवळा, पाण्याबरोबर हळूहळू डोलणारा. कोणाचंही त्याकडे विशेष लक्ष गेलं नाही.

आणि आत्याबाईंनी हात वर करून खणखणीत आवाजात पुकारलं, "दिसला गोऽऽ, दिसला!"

सगळी पाखाडी जागच्या जागी थिजली. तारा कधी डोंगराच्या पायथ्याशी उगवतो का? लहान पोरांनासुद्धा तो कंदील दिसत होता. एक पोर बोलायला तोंड उघडत होतं, त्याच्या आईनं त्याच्या तोंडावर हात ठेवला. मी दिरांकडे बघितलं. दिरांनी हात जोडून त्या कंदिलाला नमस्कार केला. त्यांच्यामागून सगळ्यांनी केला. मीही केला.

आत्याबाई परडी घेऊन घरोघर गेल्या. प्रत्येक घरात त्यांच्या हातचा गूळ टोपात पडला. प्रत्येक घरानं ते घाटलं एका दमात प्यायलं. कोणी एक शब्द बोललं नाही, कोणी हसलं नाही. या वीस घरांत चिंचेच्या फांदीवरून वर्षानुवर्षं भांडणं चालत, एकमेकांच्या विहिरीवरून बोलणं बंद असे. पण त्या सकाळी त्यांच्यात जी एकी मी पाहिली, ती पुढे कुठल्याही सभेत पाहिली नाही. मला त्या लोकांचा फार अभिमान वाटला. अजून वाटतो.

आता प्रश्न मचव्यांचा. घाटलं झालं म्हणजे त्याच दिवशी निघायला हवं. पण अगस्ती न दिसता समुद्रात जायला एकाही तांडेलाचं मन घेईना. दीर परसात येऊन मला हळूच म्हणाले, "वैनी, समुद्राशी खोटं नको आणि आईला खरं नको. आता तूच सांग काय करू."

शेवटी त्यांनीच मार्ग काढला. दुपारी ते आत्याबाईंना म्हणाले की शीड उसवलंय, शिवायला दोन दिवस लागतील.

"काल तर धड होतं," आत्याबाई म्हणाल्या.

"उंदरानं खाल्लं असेल."

संध्याकाळपर्यंत पाखाडीतल्या सगळ्याच मचव्यांची शिडं उसवली होती. आत्याबाईंनी ऐकून घेतलं आणि "बरं" म्हणाल्या. एवढ्या सहज त्या कधी "बरं" म्हणत नसत, पण आमच्या जिवाला तेव्हा तेवढं बरंच होतं.

तिसऱ्या पहाटे आभाळ उघडलं आणि अगस्ती खरोखरच डोंगराच्या खांद्यावर दिसला. आत्याबाई झोपल्या होत्या. त्यांच्या लेखी तो उगवून झाला होता. बाकीची सारी पाखाडी मात्र चोरपावलांनी कातळावर जाऊन आली. कोणी पुकारलं नाही. बायकांनी गुपचूप टोप मांडले आणि आपापल्या हातानं गूळ घातला. आमच्या घरचा टोप मी शेजारच्या काकीच्या चुलीवर ठेवला होता. दिरांनी तिथेच उभ्या उभ्या करवंटी रिकामी केली आणि ते किनाऱ्याकडे पळाले. दिवस वर येईपर्यंत सगळी शिडं शिवून झाली होती. मचवे मुंबईला गेले आणि सुखरूप परत आले. ही गोष्ट पाखाडीनं पोटात ठेवली. एवढ्या वीस घरांत एकाही तोंडातून ती वर्षभर बाहेर पडली नाही. यावर माझ्या माहेरच्यांचा अजून विश्वास बसत नाही.

पुढचं वर्ष आलं. आत्याबाईंना आता उजेड-अंधार एवढंच कळत होतं, तरी घरात त्यांचं वावरणं तसंच, खोटं खोटं डोळसपणाचं. भाद्रपद जवळ येऊ लागला तसा माझा जीव खाली-वर व्हायला लागला. यंदाही कुठला तरी कंदील दिसेल. यंदाही आम्ही सगळी हात जोडू. पण किती वर्षं? आणि एखाद्या पोरानं तोंडावरचा हात झटकला तर? त्यांच्याकडून पुकार मागायची सोय नव्हती, आणि मला ती नकोच होती. मला एवढंच हवं होतं की त्यांचं हसं होऊ नये.

पुन्हा काही दिवस ढगांचे आणि पेजेचे गेले. मग एका पहाटे वारा फिरला आणि आभाळ लख्ख झालं. कातळावर गर्दी. आत्याबाई नेहमीच्या जागी, तोंड दक्षिणेकडे, मी त्यांच्या उजव्या हाताला. त्या पहाटे खाडीत एकही मचवा नव्हता. दिरांनी आदल्या दिवशी खटपट करून आपले-परके सगळे मचवे आत, वळणापलीकडे लावायला सांगितले होते.

डोंगराच्या कडेशी एक ठिपका चमकला. गेला. पुन्हा चमकला आणि मग थांबला. पांढरा, किंचित थरथरणारा. अगस्ती. सगळ्यांनी बघितला आणि सगळ्यांचा श्वास एकदम अडकला. आता फक्त पुकार यायची होती.

आत्याबाईंचं तोंड बरोबर त्याच्याकडेच होतं. पण त्या काही बोलेनात.

पूर्वेकडे फटफटायला लागलं. अजून थोडा वेळ गेला असता तर उजेडानं तारा पुसून टाकला असता आणि घरोघरचे टोप पुन्हा पेज होऊन बसले असते. मी मनात म्हणत होते, पुकारा हो, नुसतं पुकारा. आज तर तो खराच तिथे आहे, आज खोटं काहीच नाही. आणि त्यांना ते सहज करता आलं असतं. एवढ्या माणसांचा श्वास एकदम थांबला की आंधळ्या माणसालाही कळतं, आणि त्या तर आत्याबाई होत्या.

त्यांनी विचारलं, "उगवला ना?"

आजूबाजूची सगळी माझ्याकडे बघू लागली.

"इचारतेय मी. उगवला ना?"

दीर म्हणाले, "तू सांग, आई. पुकार तुझी हाय."

"माझी हाय म्हणून तर इचारतेय. मला दिसत न्हाय."

एवढ्या मोठ्यानं, एवढ्या सरळ त्या ते बोलल्या. शेजारची काकी पुढे आली आणि म्हणाली, "असं नको बोलू गो. धुकं हाय थोडं, म्हणून."

"धुकं न्हाय. माझे डोळे गेले. गेल्या साली पण गेलेले होते. मचव्याचा कंदील बघून वरडले मी. व्हय ना?" आत्याबाई आमच्याकडे वळल्या. "दोन दिसांनी साऱ्या पाखाडीत गूळ शिजत होता. हळदीच्या पानाचा वास माझ्या खाटेपर्यंत आला. डोळे गेले, नाक जागेवर हाय. आणि सगळी शिडं एकाच दिशी उसवतात व्हय रे? शिडांना काय गोवर आला होता?"

मागे कोणाला तरी हसू फुटलं आणि त्याचं लगेच रडू झालं. काकी पदरात तोंड खुपसून म्हणाली, "आम्ही तुझा मान राखला गो."

"राखलात. मला काय कळत न्हाय? म्हणून तर एक वरीस गप बसले. तुम्ही दिलेला मान एक वरीस मिरवून घेतला." त्यांनी पाय कातळावर आपटला. "आता पुरे. घरात तुम्ही मला काय बी सांगा, शीड उंदरानं खाल्लं म्हणा. पण या कातळावर खोटं नको. माझं पोर पाण्यात जातं."

त्यांनी चाचपून माझं मनगट धरलं आणि मला पुढे ओढलं. "आता तू," त्या म्हणाल्या.

एवढी वर्षं ज्या दोन शब्दांची मला धास्ती होती, ते असे आले. मी डोंगराकडे बघितलं आणि मला काहीच दिसेना. डोंगर, आभाळ, तारा, सगळं एकात एक विरघळलेलं.

"पुकार की," आत्याबाई म्हणाल्या.

"मलाही दिसत नाही."

"तुला काय झालं?"

"डोळ्यांत पाणी आलंय."

"मग पूस. इथं काय तुझी पाठवणी चाललीय?"

आता सगळा कातळ मोकळ्यानं हसला. मी पदरानं डोळे कोरडे केले, पुन्हा बघितलं. उजाडत चाललं होतं, तरी तो होता. मी पुकारलं. माझा आवाज त्यांच्यासारखा नव्हता, मधेच चिरकला, पण शब्द खरे होते. टोपांशी थांबलेल्या बायकांनी घराघरांतून पळ्या वाजवून उत्तर दिलं.

रीतीप्रमाणे पहिला गूळ आपल्या घरच्या टोपात. मी गूळ घातला, जाड दूध घातलं, ढवळलं, आणि पहिली करवंटी भरून आत्याबाईंच्या हातात दिली. त्यांनी ती धरली आणि एकदम हात झटकल्यासारखा केला.

"एवढं गरम असतं व्हय हे?" त्या म्हणाल्या.

मला आधी कळलंच नाही. मग कळलं. सून म्हणून या घरात आल्या त्यानंतर थोड्याच वर्षांत पुकार त्यांच्याकडे आली होती, आणि तेव्हापासून दर भाद्रपदात साऱ्या पाखाडीचं घाटलं गोड करून त्या परत यायच्या, तेव्हा त्यांचं गार झालेलं असायचं. मी इतकी गोडखाऊ, इतक्या वर्षांत माझ्या ते मनातही आलं नव्हतं. त्यांनी करवंटीवर फुंकर घातली आणि सगळं एका दमात प्यायल्या. मग तोंड पुसून म्हणाल्या, "जा आता. लोक पळ्या घेऊन उभी हायत."

मी परडी घेऊन निघाले. त्या सकाळी ज्या ज्या दारात गेले तिथल्या बाईनं आधी मला विचारलं, "आत्याबाईनं घेतलं का?" आणि मगच टोपावरचं झाकण काढलं. शेवटच्या घरात गूळ घालून परत निघाले तेव्हा ऊन वाडीत उतरलं होतं. दिरांचा मचवा शीड चढवून खाडीच्या तोंडाशी पोचला होता. मला माहीत होतं की माझ्यासाठी गार घाटलं वाट बघतंय, त्यावर साय धरलीय, आणि ते तसंच प्यायचं. त्याचं मला दुःख नव्हतं.

स्वयंपाकघरात आत्याबाई चुलीपुढे बसल्या होत्या. चूल विझत आलेली, पण त्यांनी चाचपडत निखारे एका बाजूला ओढून त्यावर लहान टोप ठेवला होता. दोन्ही हातांनी त्याचं झाकण धरून बसल्या होत्या. बोटांना राख लागलेली. एका बोटावर ताजा भाजल्याचा डाग.

"आलीस का गो? ये," त्या म्हणाल्या. "तुझं गरम ठेवलंय. माझ्यासाठी माझ्या सासूनं कवा ठेवलं न्हाय."

मी करवंटी भरून घेतली आणि तिथेच, त्यांच्याशेजारी जमिनीवर बसून, एका दमात प्यायले. जीभ भाजली, पण मध्ये थांबले नाही.